पूर कोणत्या सालचा?

गोदावरीला पूर आला की गंगापूर धरणातून किती क्युसेक पाणी सोडले याचे आकडे बातम्यांत येतात, पण जुन्या नाशकात चौकशी होते ती दुतोंड्या मारुतीची. रामकुंडाजवळ नदीच्या पात्रातच उभ्या असलेल्या या मूर्तीच्या गुडघ्याला पाणी लागले, कमरेला आले की छातीवर चढले, यावरून काठाकाठचे दुकानदार माल वर हलवायचा की नाही ते ठरवतात. माहितीपटांसाठी आणि दूरचित्रवाणीच्या कार्यक्रमांसाठी जुने फूटेज शोधणे, त्याची ओळख पटवणे आणि मग ते संकलनात बसवणे हा माझा व्यवसाय असल्यामुळे, पुराचे कोणतेही जुने दृश्य हाती आले की मीही आधी मारुतीच शोधते. तो दिसला तर पुराची उंची कळते, आणि उंची कळली की सालापर्यंतची निम्मी वाट सरते. १९६९, २००८, २०१६ आणि २०१९ हे पूर इथल्या लोकांच्या आठवणीत पायऱ्यांच्या आणि भिंतींवरच्या खुणांसकट पक्के बसलेले आहेत.

अडचण अशी, की मूळ दृश्यात असलेला मारुती माझ्यापर्यंत पोहोचेपर्यंत पुष्कळदा पायांविना उरलेला असतो. जुन्या १६ एमएम फिल्मची आणि जुन्या दूरचित्रवाणीची चौकट ४:३ प्रमाणाची, आजच्या पडद्याची १६:९. जुने चित्र कडेला काळ्या पट्ट्या न ठेवता आजच्या पडद्यावर भरायचे म्हटले, तर त्याच्या उंचीचा नेमका चौथा हिस्सा कापावा लागतो. कापणारा माणूस सवयीने चेहरे आणि कळस वाचवतो आणि खालचा भाग सोडून देतो. पुराच्या दृश्यात खालचा भाग म्हणजेच पाण्याची रेघ. काळ्या पट्ट्या दिसल्या की प्रेक्षक वाहिनी बदलतो, असे मला अधिकारवाणीने अनेकदा सांगण्यात आले आहे. ते मला कधीच पटलेले नाही. पुराने किती मजल मारली होती हे सांगण्यासाठीच जे दृश्य घेतले, त्यातून पाणीच कापून टाकायचे, हा व्यवहार माझ्या बुद्धीला झेपत नाही.

फूटेज मागणारे लोक बहुधा ‘जुन्या काळचे नाशिक’ मागतात. असा काही काळ नसतो. कॅमेऱ्यासमोर एक विशिष्ट दिवस असतो, एक विशिष्ट घाट असतो, आणि कॅमेऱ्यामागे कोणाच्या तरी पगारावर वा हौसेवर उभा असलेला एक माणूस असतो. त्या दिवसाची, घाटाची आणि माणसाची ओळख पटवणे हेच या कामाचे मर्म आहे. दृश्य सुंदर आहे की नाही, हा प्रश्न त्यानंतरचा. पण निवेदन चालू असताना पडद्यावर काहीतरी हलते ठेवायचे एवढ्याच हेतूने जुने फूटेज वापरण्याची रीत इतकी रुळली आहे, की ‘हा कोणत्या सालचा सिंहस्थ?’ असे विचारणारी व्यक्ती संकलन कक्षात थोडी त्रासदायकच ठरते.

सिंहस्थाचेच उदाहरण घेऊ. साधारण बारा वर्षांनी येणारा हा सोहळा, म्हणून नाशिकच्या गर्दीचे जुने दृश्य समोर आले की उत्तरे मोजकीच संभवतात: १९५६, १९६८, १९८०, १९९१, २००३, २०१५. डब्यावरच्या चिठ्ठीवर बहुधा ‘नाशिक, मेळा’ एवढेच लिहिलेले असते, आणि ते अक्षर चित्रीकरण करणाऱ्याचे नसून मागाहून कोणीतरी डबा आवरताना लिहिलेले असते. मग चित्राच्या कडेला जावे लागते. फिल्मच्या छिद्रांशेजारी कोडॅक कंपनी वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशी बारीक चिन्हे छापत असे, आणि त्यांवरून ती फिल्म कोणत्या साली तयार झाली हे ओळखता येते. पण हा क्रम २० वर्षांनी पुन्हा पहिल्यापासून सुरू होई, त्यामुळे १९३६ चे आणि १९५६ चे चिन्ह एकच. शिवाय ते साल कारखान्यातले. परदेशातून आलेली कच्ची फिल्म आपल्याकडे जपून, उशिरापर्यंत वापरली जाई. त्यातच एका फिल्मवरून दुसरी प्रत काढताना मूळ फिल्मच्या कडेची चिन्हेही नव्या प्रतीवर उतरतात, म्हणजे एकाच कडेवर दोन पिढ्यांची साले शेजारीशेजारी नांदतात, आणि त्यांपैकी आजोबा कोण आणि नातू कोण हे भिंगातून पाहून ठरवावे लागते.

कडा बोलेनाशी झाली की चौकटीच्या आत पाहायचे. रस्त्यावर एखादे वाहन असेल आणि त्याच्या पाटीवर ‘एमएच १५’ वाचता आले, तर दृश्य १९८० च्या सिंहस्थाचे असूच शकत नाही, कारण नोंदणी क्रमांकांची ही पद्धत १९८९ च्या आगेमागे सुरू झाली. दुकानांच्या पाट्या, विजेचे खांब, घाटाचे दगडी आणि काँक्रीटचे भाग, भिंतीवरच्या जाहिराती, सगळे उपयोगी पडते. पण मला सर्वांत विश्वासू साक्षीदार वाटते ते ऊन. रामकुंडापाशी गोदावरी दक्षिणेकडे वळते. तिच्या पूर्वेला पंचवटी, पश्चिमेला जुने गाव. सकाळचे ऊन पंचवटीच्या अंगाने येते, दुपार कलली की गावाच्या अंगाने. सावली पाहिली की पर्वस्नानाची गर्दी पहाटेनंतरची आहे की उतरत्या उन्हातली हे कळते, आणि निवेदनात ‘ब्राह्ममुहूर्तावर’ असा शब्द आला असेल तर तो तिथेच खोडता येतो. याच युक्तीने आणखी एक गोष्ट पकडता येते. स्कॅन करताना फिल्म उलट्या बाजूने लावली गेली तर चित्र आरशातल्यासारखे डावे-उजवे होते. पाटीवरची अक्षरे उलटी दिसली तर कोणाच्याही लक्षात येते. पाटी नसेल तर मात्र नदी चक्क उत्तरेकडे वाहू लागते आणि सगळा चमू ते दृश्य कौतुकाने मान्य करतो.

नाशिकमध्ये राहून हे काम करताना दादासाहेब फाळके यांच्यापाशी यावेच लागते. त्र्यंबकेश्वरला १८७० साली जन्मलेल्या, मुंबईत १९१३ साली पहिला चित्रपट दाखवून पुढे नाशिकला बिऱ्हाड आणि कामकाज हलवलेल्या आणि १९४४ साली इथेच निवर्तलेल्या या माणसावर बोलायचे झाले, की प्रत्येक कार्यक्रमात एक दृश्य हमखास येते: स्वतः फाळके नटांना सूचना देत आहेत, फिल्म हातात धरून तपासत आहेत. निवेदक त्यावर १९१३ ची कहाणी सांगत असतो. प्रत्यक्षात हे तुकडे चित्रपटनिर्मितीची माहिती देण्यासाठी फाळक्यांनीच १९१७ साली केलेल्या ‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटातले आहेत. म्हणजे कोणीतरी चोरून टिपलेला तो कामाचा क्षण नाही. काम करताना आपण कसे दिसावे हे पक्के ठाऊक असलेल्या दिग्दर्शकाने स्वतःच बसवलेले ते दृश्य आहे. हे कळल्याने त्याचे मोल कमी होत नाही, उलट मला ते अधिक रंजक वाटते. फक्त त्यावर १९१३ हा आकडा झळकवणे सोडून द्यावे लागते. ‘राजा हरिश्चंद्र’चीही तीच गत आहे. त्याच्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे एवढीच आज पाहायला मिळतात, आणि तीही मूळ १९१३ च्या चित्रपटाची नसून फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा केलेल्या आवृत्तीची असावीत, असे काही अभ्यासक मानतात. दूरचित्रवाणीच्या चाळीस सेकंदांच्या तुकड्यात ही शंका मांडायला जागा नसते, हे मला मान्य आहे. खाली सालाची पट्टी न टाकण्याइतकी जागा मात्र प्रत्येक कार्यक्रमात असते.

फाळक्यांचे मला सर्वांत प्रिय फूटेज ‘कालियामर्दन’मध्ये आहे. नाशिकच्या हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीने १९१९ साली केलेल्या या चित्रपटात कृष्णाची भूमिका फाळक्यांची मुलगी मंदाकिनी हिने केली, आणि कथा सुरू होण्यापूर्वी ती लहान मुलगी कॅमेऱ्यासमोर एकामागून एक भाव चेहऱ्यावर आणून दाखवते. पुराणकथेच्या चित्रपटातला हा भाग मी निःशंकपणे दस्तऐवज म्हणून वापरते, कारण तो खरोखरच एका मुलीच्या एका दिवसाचा पुरावा आहे. जे पौराणिक म्हणून नोंदलेले आहे त्यात अस्सल नोंद सापडते आणि जे माहितीपर म्हणून नोंदलेले आहे ते बसवलेले निघते, असा उलटा अनुभव या कामात वारंवार येतो.

जे टिकले ते किती थोडे, याची कल्पना यावी म्हणून सावेदादांचे नाव घ्यावे लागते. सावेदादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. त्यांनी १८९९ साली मुंबईत कुस्तीचे आणि १९०१ साली रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचे चित्रण केले; भारतीय वृत्तचित्रणाचा आरंभ तिथे मानतात, आणि ती दृश्ये आज पाहायला मिळत नाहीत. त्या काळची नायट्रेट फिल्म भडकली की तिला बाहेरच्या प्राणवायूचीही गरज लागत नाही, त्यामुळे ती विझवणे जवळजवळ अशक्य. १९५० च्या सुमारास तिची जागा घेणारी ॲसिटेट फिल्म जळण्याच्या बाबतीत सुरक्षित, पण उष्णता आणि दमट हवा मिळाली की तिच्यातून आम्ल सुटू लागते, डबा उघडताच व्हिनेगरचा वास येतो, आणि पुढे फिल्म आक्रसून वेडीवाकडी होते. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झाले आणि पी. के. नायर यांनी गावोगावी, घरोघरी जाऊन रिळे मिळवली, म्हणून फाळक्यांचे काही आपल्यापर्यंत आले. दूरचित्रवाणीची कहाणी वेगळी नाही. चुंबकीय टेप महाग असल्यामुळे जगभरच्या केंद्रांत जुने कार्यक्रम पुसून त्याच टेपवर नवे घेत असत, आणि त्या वेळी ते काटकसरीचे लक्षण समजले जाई.

सरकारी वृत्तचित्रांचा प्रश्न निराळा आहे. फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली स्थापन झाले आणि पुढची अनेक वर्षे चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी त्यांची वृत्तचित्रे दाखवली जात. यांतले चित्रण बरेचसे आवाजाविना केलेले असे, आणि त्यावर मागाहून वेगवेगळ्या भाषांत निवेदन आणि संगीत चढवले जाई. तयार प्रतीत हे सगळे एकाच ध्वनिपट्टीवर मिसळलेले असल्यामुळे नुसता घाटावरचा आवाज वेगळा काढता येत नाही. मुळात तो बहुधा नोंदवलेलाच नसतो. अशा वेळी मी आधी आवाज पूर्ण बंद करून दृश्य पाहते. धरणाच्या भिंतीवर चालणाऱ्या पाटीवाल्या बाया काय करत आहेत ते बघून झाल्यावर मग निवेदक त्यांच्याबद्दल काय म्हणतो ते ऐकते, आणि या दोहोंतले अंतर टिपून ठेवते. मूक दृश्यावर आज घंटानाद, कोलाहल आणि पाण्याची खळखळ चढवण्याची जी पद्धत आहे, तिला मी जमेल तिथे विरोध करते, आणि बहुतेक वेळा हरते.

वेगाबद्दल मात्र तडजोड नसावी. मूकपटाच्या जमान्यातला कॅमेरा हाताने फिरवत, सेकंदाला सुमारे १६ ते १८ चौकटी (फ्रेम). तीच फिल्म बोलपटाच्या २४ च्या वेगाने चालवली की माणसे तुरुतुरु पळू लागतात. आपले पणजोबा असे चालत नव्हते. १६ ची फिल्म २४ वर आणताना एकाआड एक चौकट दोनदा घेतली तर चाल बरीचशी माणसासारखी होते, किंचित अडखळते इतकेच. हल्ली या अडखळण्यावर उपाय म्हणून संगणकाकडून मधल्या चौकटी तयार करवून घेतात, रंग भरून घेतात आणि चित्र धारदार करून घेतात. अशी ‘पुनरुज्जीवित’ दृश्ये आंतरजालावर लाखो लोक पाहतात, आणि आता निर्मातेही तीच मागतात. माझा आक्षेप सौंदर्याबद्दलचा नाही. धूसर चेहऱ्यावर यंत्र जे डोळे काढते ते त्या माणसाचे नसतात, आणि दूरच्या दुकानाच्या पाटीवर जी अर्धवट मराठी अक्षरे मला भिंगाने वाचता आली असती, त्यांच्या जागी ते अक्षरांसारख्या दिसणाऱ्या निरर्थक वेलांट्या गिरवते. साल ओळखण्याचे जे साधन होते तेच पुसले जाते, आणि वर चित्र अधिक स्पष्ट झाल्याचा भास होतो.

घरगुती फूटेजला मी फार मान देते. घरगुती कॅमेऱ्यात वापरल्या जाणाऱ्या सुपर ८ फिल्मची एक काडतूस-डबी ५० फुटांची, सेकंदाला १८ चौकटी धरल्या तर तीन मिनिटे वीस सेकंदांची. एवढ्यात कुटुंबाची सगळी यात्रा बसवायची असल्यामुळे हौशी चित्रणकार चार-पाच सेकंदांवर बोट उचलत असे, आणि म्हणूनच त्र्यंबकेश्वरच्या कुशावर्त कुंडाच्या पायरीवर काकू नेमक्या पदर सावरताना दिसतात आणि लगेच टांगा येतो. पुढे व्हीएचएस व्हिडिओ कॅसेटचे युग आले आणि उलटे घडले. तासन् तास चालणारी अखंड, डगमगती दृश्ये, कोपऱ्यात जन्मभर चुकीची राहिलेली तारीख, आणि आवाज मात्र अस्सल. १९९१ च्या सिंहस्थाची खरी गजबज मला अशा टेपांमध्ये ऐकायला मिळाली आहे. नाशिकच्या पावसाळ्यात कपाटातल्या टेपवर पांढरी बुरशी धरते, आणि व्हीएचएस यंत्रांचे उत्पादन २०१६ साली जगात थांबले असल्यामुळे ही टेप वाजवणारे चालू यंत्र मिळणे हीच आता पहिली पायरी होऊन बसली आहे.

हक्कांचे गणित कागदावर सोपे आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे चित्रपटाचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षारंभापासून ६० वर्षे. १९५६ साली प्रदर्शित झालेले वृत्तचित्र २०१७ पासून सर्वांचे. परंतु चांगली प्रत ज्याच्या तळघरात आहे तो ती बघू देण्याचे आणि स्कॅन करून देण्याचे पैसे घेतोच, बहुधा सेकंदाच्या दराने, आणि निर्माता मग स्वस्त मिळेल ते दृश्य घ्यायला सांगतो. नको त्या ठिकाणी नको ते फूटेज येण्याचे हे सर्वांत साधे कारण आहे.

याचा मला सर्वाधिक त्रास काळाराम मंदिराच्या सत्याग्रहाबाबत होतो. २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेला आणि दादासाहेब गायकवाड यांच्यासारख्या कार्यकर्त्यांनी पुढे वर्षानुवर्षे चालवलेला हा दलितांच्या मंदिरप्रवेशाचा लढा. त्याची छायाचित्रे, बातम्या, पत्रव्यवहार हाती येतात. चलच्चित्र माझ्या हाती कधी आलेले नाही. पण कार्यक्रमात या प्रसंगाला दीड मिनिट दिलेले असते आणि दीड मिनिट पडदा रिकामा ठेवायची कोणाची छाती होत नाही. मग रामकुंडावर स्नान करणाऱ्या यात्रेकरूंची कोणत्यातरी वर्षाची गर्दी निवेदनाखाली घातली जाते. मंदिराच्या दाराशी ज्यांना अडवले त्यांची कथा सांगताना, ज्यांना कोणी कधी अडवले नाही त्यांचे चेहरे दाखवायचे, हे मला केवळ चुकीचे नव्हे तर अन्यायाचे वाटते. ‘प्रातिनिधिक दृश्य’ अशी बारीक पट्टी टाकल्याने ते सुधारत नाही, कारण ते दृश्य त्या लोकांचे प्रतिनिधित्व करतच नाही. अशा जागी मी दोन पर्याय सुचवते: छायाचित्र स्थिर ठेवावे, त्यात कॅमेरा इकडेतिकडे सरकवून खोटी हालचाल आणू नये, किंवा मंदिराचे आजचे दार, आजच्याच उजेडात, आजचे म्हणून दाखवावे. दुसरा पर्याय कधीकधी स्वीकारला जातो.

स्नानाच्या दृश्यांबद्दल माझा आणखी एक नियम आहे, जो कायद्यात नाही. ओल्या वस्त्रांतली, कपडे बदलणारी, कॅमेरा आपल्याकडे रोखलेला आहे हे ठाऊकही नसलेली माणसे या फूटेजमध्ये भरपूर असतात. हक्क संपले असले तरी त्या बाईची संमती तेव्हाही घेतलेली नव्हती आणि आजही घेता येत नाही; म्हणून असे दृश्य मी निवडीच्या यादीतच घेत नाही. २००३ च्या सिंहस्थातल्या चेंगराचेंगरीच्या चित्रणाबद्दलही हेच. त्या घटनेविषयी बोलताना अरुंद उतार दाखवावा, गर्दी कुठून कुठे सरकली ते दाखवावे. पडलेल्यांचे चेहरे कोणाच्या तरी घरातले आहेत आणि ते घर टीव्ही पाहते.

आता २०२६-२७ चा सिंहस्थ येत आहे. त्याचे जेवढे चित्रण होईल तेवढे आजवरच्या सगळ्या सिंहस्थांचे मिळूनही झाले नसेल, आणि तरीही पन्नास वर्षांनी शोधणाऱ्याला किती सापडेल याची मला खात्री वाटत नाही. व्हॉट्सॲपवरून नेहमीसारखा पाठवलेला व्हिडिओ लहान करून जातो आणि कॅमेऱ्याने फाइलमध्ये नोंदवलेली वेळ-ठिकाणाची माहिती वाटेत गळून पडते. पाचव्या गटात पोहोचेपर्यंत तो कोणी, कुठून, केव्हा घेतला हे सांगणारे काहीही उरत नाही. म्हणून ओळखीच्या सगळ्यांना मी आतापासूनच सांगत असते: मूळ फाइल ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवा, फोन बदलण्यापूर्वी ती दोन ठिकाणी उतरवून ठेवा, आणि चित्रण थांबवण्याआधी घाटाचे नाव, तारीख आणि स्वतःचे नाव मोठ्याने बोला. माझ्या आत्याला हे नाटकी वाटले. ती म्हणाली, गंगेवर, म्हणजे गोदावरीवर, स्नानाला गेल्यावर आपले नाव-गाव ओरडून सांगणारी बाई लोकांना वेडी वाटेल. मी तिला म्हटले, संकल्प सोडताना गुरुजी तुझ्याकडून नाव, गोत्र, तिथी आणि नदीचा कुठला तीर हे सगळे वदवून घेतातच की. तेवढ्यापुरता फोन चालू ठेव.